थोराच्या वईच्या नोंदी : सोलापूर परिसर, जून २०२३ ते मार्च २०२४

११ जून २०२३, रविवार

थोर या काटेरी, चिकाळ झाडावरच्या कामाला आज प्रत्यक्ष सुरुवात झाली. होटगीच्या बाजूला, मुरमाड माळाला लागून असलेल्या एका शेताच्या बांधावर थोराची जुनी वई, म्हणजे जिवंत कुंपण, आहे आणि वर्षभर तिच्यावरच लक्ष ठेवायचे असे मी व माझ्या दोन विद्यार्थिनींनी ठरवले आहे. वई साधारण साठ पावले लांब आहे. कोठे ती डोक्याइतकी उंच आहे, तर पूर्वेच्या टोकाला दोन पुरुष भरेल एवढी. पाऊस अजून आलेला नाही. झाडांवर एकही पान नाही. राखट हिरव्या, बोटा-मनगटाएवढ्या जाड फांद्या आणि त्यांवर जोडीजोडीने आलेले आखूड काटे, एवढेच दिसते.

शेताच्या मालकांना गावात सगळे अप्पा म्हणतात. वहीत नोंद करताना पाहून त्यांनी विचारले, "निवडुंगच हाय की हो मॅडम, त्यात वरीसभर काय बघणार?" त्यांचा प्रश्न रास्त आहे, आणि या कामाचे मूळही त्यांच्या त्या 'निवडुंगच' या शब्दातच आहे. आपण फड्या निवडुंगालाही निवडुंग म्हणतो, तिधारीलाही म्हणतो, वईच्या थोरालाही म्हणतो आणि काटे नसलेल्या शेरालाही पुष्कळ ठिकाणी त्यातच ढकलतो. यांपैकी फड्या निवडुंग हा अमेरिकेतून आलेला कॅक्टस आहे आणि बाकीचे सगळे युफोर्बिया, म्हणजे एरंडाच्या कुळातले आहेत. दोहोंची नाती फार लांबची आहेत. कोरड्या प्रदेशात पाणी साठवून जगण्याची गरज सारखी असल्यामुळे रूप तेवढे सारखे झाले आहे. फड्याचा तुकडा मोडला तर पाण्यासारखा चिकट रस येतो, थोराला नखाचा ओरखडा जरी गेला तरी पांढरा चीक उभा राहतो. औषधात जो वापरतात तो हा चीक, आणि म्हणून कोणत्या झाडाचा चीक हे नेमके ठाऊक असणे मला फार महत्त्वाचे वाटते.

२ जुलै २०२३, रविवार

गेल्या आठवड्यात पाऊस झाला आणि वईचे रूप पालटले. फांद्यांच्या टोकांना पानांचे झुपके फुटले आहेत. पाने जाडसर, गुळगुळीत, टोकाकडे रुंद आणि देठाकडे निमुळती आहेत. आम्ही वीस पाने मोजली. बहुतेक सात ते बारा सेंटिमीटर लांब भरली. वनस्पतिशास्त्रज्ञ लिनीयसने १७५३ मध्ये या झाडाला युफोर्बिया नेरीफोलिया हे नाव दिले ते या पानांवरून; नेरीफोलिया म्हणजे कण्हेरीसारख्या पानांचा. कण्हेरीचे पान याहून पुष्कळ अरुंद असते, त्यामुळे हे साम्य मला फारसे पटत नाही, पण नाव आता पक्के झाले आहे. युफोर्बिया हे प्रजातीचे नाव त्याहून जुने आहे. उत्तर आफ्रिकेतील मॉरेटानियाचा राजा दुसरा जुबा याने आपल्या युफोर्बस नावाच्या वैद्यावरून अशाच एका चिकाळ वनस्पतीला ते दिले होते.

आजचा खरा शोध मात्र वईच्या पूर्व टोकाला लागला. मधल्या भागातल्या फांद्यांवर बोट फिरवले तर उंचवटे लागतात. ते पाच ओळींत, किंचित पीळ घेत वर चढतात, आणि प्रत्येक उंचवट्यावर काट्यांची एक जोडी असते. पूर्वेकडच्या उंच झाडांच्या फांद्या गोल आहेत. तेथे ओळी नाहीत, उंचवटे नाहीत, काट्यांची जोडी सपाट सालीवरच बसलेली आहे. म्हणजे एकाच वईत दोन जाती आहेत. पहिली नेरीफोलिया. दुसरी युफोर्बिया निव्हुलिया, जिला वनस्पतिशास्त्रज्ञ फ्रान्सिस बुकानन-हॅमिल्टन यांनी १८२५ मध्ये हे नाव दिले. अप्पांच्या आजोबांनी दोन ठिकाणांहून फांद्या आणून लावल्या असाव्यात, कारण थोर लावतात तो फांदीनेच. तोडलेली फांदी आठ-दहा दिवस सावलीत टाकायची, जखम सुकू द्यायची आणि मग रोवायची; लगेच रोवली तर ती कुजते.

काट्यांविषयी एक गोष्ट विद्यार्थिनींना भिंगाखाली दाखवली. कॅक्टसचा काटा हे रूपांतरित पान असते आणि तो लव असलेल्या गादीसारख्या ठिपक्यातून उगवतो. थोराचे काटे ही पानाच्या देठाशी असणारी उपपर्णे आहेत. म्हणूनच ते नेहमी दोन असतात आणि आता पान फुटल्यावर ते पानाच्या बुडाशी दोन्ही बाजूंना द्वारपालांसारखे उभे दिसतात. पान गळल्यावर दोन काट्यांच्या मध्ये त्याचा वण राहतो.

२३ जुलै २०२३, रविवार

आज फक्त नावे गोळा केली. सोलापुरात हे काम करण्याचा मोठा फायदा असा की एका गल्लीतून दुसऱ्या गल्लीत गेले की भाषा बदलते. दक्षिण सोलापुरातल्या कन्नड बोलणाऱ्या शेतकऱ्यांनी थोराला 'एलेगळ्ळी' म्हटले आणि फड्याला 'पापासकळ्ळी'. पूर्व भागात विणकरांच्या वस्तीत एका तेलुगू आजींनी आमच्याजवळची फांदी पाहताच 'आकुजेमुडु' असे नाव घेतले आणि फड्याचे चित्र दाखवल्यावर 'नागजेमुडु'. कन्नडमध्ये एले म्हणजे पान, तेलुगूत आकु म्हणजे पान. या दोन्ही भाषांनी या झाडाची नेमकी ओळख पकडली आहे : कळ्ळी किंवा जेमुडु पुष्कळ आहेत, त्यांतला हा पानांचा. तिधारीला इतकी मोठी पाने येत नाहीत, फड्याला तर दिसण्याजोगी पाने नसतातच.

आपल्या मराठीची बाजूही अगदी लंगडी नाही. फड्या हा शब्द नागाच्या फड्यावरून आला आहे, म्हणजे तेलुगू माणसाला जे दिसले तेच मराठी माणसालाही दिसले. तिधारी म्हणजे तीन धारांचा, हेही अचूक आहे. वई निवडुंग हे नाव मात्र झाडाचे रूप न सांगता त्याचे काम सांगते, आणि कुंपणाला दोन-तीन जाती लावल्या जात असल्यामुळे घोटाळा तेथेच होतो. थोराचे मिनगुट हे जुने नाव आज आम्हाला फक्त एका म्हाताऱ्या बाईंच्या तोंडून ऐकायला मिळाले. ते टिकायला हवे असे मनापासून वाटते.

२१ ऑगस्ट २०२३, सोमवार, नागपंचमी

सुट्टी असल्यामुळे वईवर गेले. महिनाभर पावसाने ओढ दिली आहे आणि खालची पाने पिवळी पडू लागली आहेत.

नागपंचमीच्या निमित्ताने एक नोंद करून ठेवते. बंगालमध्ये याच नेरीफोलियाची फांदी अंगणात लावून तिच्या ठिकाणी मनसा या नागदेवतेची पूजा करतात. थोर म्हणजेच मनसा, इतके ते नाते जवळचे आहे. आपल्या भागात अशी पूजा मला आढळली नाही. संस्कृतात याची नावे स्नुही, सुधा, महावृक्ष आणि वज्री अशी आहेत. वज्री या नावाशी जुळणारी समजूत मात्र येथेही आहे : माळवदावर किंवा परसात थोर असला की घरावर वीज पडत नाही. अप्पांच्या जुन्या वाड्याच्या धाब्यावर फुटक्या घागरीत लावलेला थोर अजून उभा आहे. त्याला कोणी पाणी घालत नाही, असे त्यांच्या सूनबाईंनी सांगितले.

१७ सप्टेंबर २०२३, रविवार

पाने गळूनही झाड टवटवीत कसे राहते, याची प्रयोगशाळेत तपासणी केली. एकाच फांदीचे तुकडे काल संध्याकाळी सहाला आणि आज सकाळी सहाला कापून आणले, सारख्या वजनाचे घेऊन कुटले, पाण्यात उकळून गाळले आणि फिनॉल्फथॅलिन (अल्कलीत गुलाबी होणारे दर्शक) घालून सोडियम हायड्रॉक्साइडने त्यांची आम्लता काढली. सकाळच्या अर्काला गुलाबी रंग येण्यासाठी संध्याकाळच्या मानाने स्पष्टपणे जास्त अल्कली लागले. तीनदा करून पाहिले, तिन्ही वेळा तेच.

कारण असे की थोरासारखी मांसल खोडाची झाडे आपली रंध्रे (हवा आत-बाहेर जाण्याची सूक्ष्म छिद्रे) दिवसाच्या तापात मिटून घेतात आणि रात्रीच्या गारव्यात उघडतात. रात्री आत घेतलेला कार्बन डायऑक्साइड मॅलिक आम्लाच्या रूपात साठवला जातो, म्हणून पहाटे फांदी आंबट असते. दिवसा उजेडात ते आम्ल मोडून त्याची साखर केली जाते आणि संध्याकाळपर्यंत आंबटपणा उतरतो. या पद्धतीत पाणी फार थोडे खर्च होते. पाऊस असताना पाने आणि पाऊस नसताना हिरवे खोड, असा दुहेरी संसार या झाडाने मांडला आहे आणि सोलापूरच्या पावसाचा भरवसा पाहता याहून शहाणपणाची मांडणी सुचणे कठीण आहे.

२९ ऑक्टोबर २०२३, रविवार

चिकाचा एक थेंब काचपट्टीवर घेऊन त्यात आयोडीनचे पातळ द्रावण सोडले. सूक्ष्मदर्शकाखाली जांभळट निळ्या रंगाचे कण दिसले, आणि त्यांचा आकार चित्रात काढतात त्या हाडासारखा होता : मधे दांडा आणि दोन्ही टोकांना गाठी. हे पिष्टाचे, म्हणजे स्टार्चचे कण. बटाट्यातला किंवा ज्वारीतला पिष्टकण गोलसर असतो. चिकात असे हाडासारखे कण असणे ही उष्ण प्रदेशांतील चिकाळ युफोर्बियांची खूण आहे. धाकटी विद्यार्थिनी अर्धा तास भिंगावरून उठली नाही. चीक साध्या पेशींतून येत नाही. अंकुरातच असलेल्या काही मोजक्या पेशी झाडाबरोबर लांब वाढत, फाटे फोडत सगळ्या अंगभर पसरतात आणि त्यांतून तो वाहतो. एवढ्याशा ओरखड्यातून इतका चीक का येतो, याचे उत्तर त्यात आहे.

५ नोव्हेंबर २०२३, रविवार

आजची चूक माझी आहे आणि ती सविस्तर लिहिली पाहिजे. फांद्या कापताना हातमोजे व चष्मा होता, पण काम संपल्यावर चष्मा काढला आणि कपाळावरचा घाम सदऱ्याच्या बाहीने पुसला. बाहीवर चीक उडून वाळलेला होता. अर्ध्या तासाने उजवा डोळा झोंबू लागला, दोन तासांत पापणी सुजली आणि दिव्याकडे बघवेना. विद्यार्थिनींनी वीस मिनिटे स्वच्छ पाण्याची धार धरली. संध्याकाळी नेत्रतज्ज्ञांनी रंगाचा थेंब घालून पाहिले तेव्हा बुबुळाच्या पडद्यावरचा पातळ थर ठिकठिकाणी सोलला गेल्याचे दिसले. औषधाने आठवड्यात बरे होईल, असे त्यांनी सांगितले.

थोराच्या चिकात डायटर्पीन प्रकारची तीव्र दाहक द्रव्ये असतात आणि त्यांचा दाह लगेच न होता काही वेळाने वाढतो, म्हणून माणूस पहिल्या झोंबण्याकडे दुर्लक्ष करतो. उपचार लांबला तर नजरही जाऊ शकते. येथून पुढे कपडे बदलून, हात साबणाने धुऊन झाल्याशिवाय कोणीही चष्मा काढायचा नाही.

१७ डिसेंबर २०२३, रविवार

डोळा पूर्ण बरा आहे.

वाळवणीच्या दाबयंत्रात तीन आठवड्यांपूर्वी ठेवलेली फांदी आज उघडली, तर कागदांच्या थप्पीत तिला दोन फिकट हिरवी पाने फुटलेली होती. थोर नुसता दाबून मरत नाही. नवीन नमुने उभे चिरून, उकळत्या पाण्यात बुडवून मगच दाबले.

वईच्या आत वाकून पाहिले असता सावलीत शिंदळ माकुडी आणि शतावरी सापडल्या. गुळवेल तर एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत चढली आहे. उघड्या बांधावर शेळ्या यांतले काही ठेवत नाहीत. थोराच्या काट्यांनी आणि चिकाने शेताची राखण होते हे सगळ्यांना दिसते, पण वईच्या पोटात वाढणाऱ्या या कोवळ्या झाडांचीही राखण होते, हे आम्हाला आज वाकल्यावर दिसले.

४ फेब्रुवारी २०२४, रविवार

मधल्या भागातला थोर फुलला आहे. पाने जवळजवळ सगळी गळून गेली आहेत आणि फांद्यांच्या टोकांजवळ हिरवट पिवळ्या, बटणाएवढ्या 'फुलांचे' तीन-तीनचे गुच्छ आले आहेत. अवतरणचिन्हे घातली याला कारण आहे. ज्याला आपण एक फूल समजतो तो खरे तर अनेक फुलांचा संसार असतो. अशा एका 'फुलाचा' पेला सुईने उघडून पाहिला. बाहेरून तो पाच मांसल, मधाने ओल्या झालेल्या ग्रंथींनी वेढलेला. आत पुष्कळ पुंफुले, आणि एकेक पुंफूल म्हणजे केवळ एक पुंकेसर. त्याच्या दांडीवर मधोमध एक बारीक सांधा भिंगातून दिसतो. सांध्याखालचा भाग हा फुलाचा देठ आणि वरचा भाग पुंकेसराचा, यावरूनच ते स्वतंत्र फूल असल्याचे कळते. बाजूच्या पेल्यांत मध्यभागी एकच स्त्रीफूल, तीन कप्प्यांच्या बीजांडकोशाचे. पाकळी एकालाही नाही. मधल्या, देठ नसलेल्या पेल्यात आम्हाला फक्त पुंफुले मिळाली.

सकाळी दहा ते अकरा या तासात गुच्छांवर माश्या, मुंग्या आणि फुलोरी मधमाश्या आल्या. या दिवसांत माळावर दुसरा मध फारसा नसतो, त्यामुळे या पेल्यांवर एवढी गर्दी होणे साहजिक आहे.

१८ फेब्रुवारी २०२४, रविवार

आजचा दिवस शहरातील एका ज्येष्ठ वैद्यांकडे गेला. ते अनेक वर्षे भगंदरावर (गुदद्वाराजवळ पडणाऱ्या नळीसारख्या जखमेवर) क्षारसूत्राने, म्हणजे औषधी लेपांच्या दोऱ्याने, उपचार करतात आणि सूत्र स्वतः तयार करतात. त्यांनी ताणून बांधलेला दोरा दाखवला. लिननच्या दोऱ्यावर आधी थोराच्या चिकाचे अकरा लेप, मग चीक आणि आघाड्याचा क्षार (त्याच्या राखेतून काढलेले मीठ) यांचे सात, आणि शेवटी चीक व हळद यांचे तीन, असे एकवीस थर द्यायचे. प्रत्येक थर पूर्ण वाळल्यावरच पुढचा. चीक हा येथे औषधही आहे आणि क्षाराला दोऱ्यावर धरून ठेवणारी खळही. खळ हा शब्द वैद्यांचाच. ते विणकरांच्या घरात वाढले आहेत आणि दोऱ्याला खळ देणे काय असते हे त्यांना लहानपणापासून माहीत आहे. पाचव्या थरानंतर दोरा बोटांना कसा लागतो आणि अकराव्यानंतर कसा, हे त्यांनी माझ्या हातात देऊन दाखवले : आधी मेणचट, नंतर ताठ आणि खरखरीत.

सूत्र नळीतून ओवून बांधतात आणि दर आठवड्याला बदलतात. ते हळूहळू नळी कापत जाते आणि मागची जागा भरत येते. चिकात आणि हळदीत भिजवलेल्या सूत्राचा उल्लेख अकराव्या शतकातील चक्रदत्त या वैद्यकग्रंथात आहे. आधुनिक काळात बनारस हिंदू विद्यापीठात पी. जे. देशपांडे प्रभृतींच्या पिढीने त्याला पुन्हा रूप दिले असे वैद्य म्हणाले.  भारतीय आयुर्विज्ञान संशोधन परिषदेने अनेक केंद्रांवर केलेली तुलनात्मक चाचणी १९९१ मध्ये प्रसिद्ध झाली. तिच्यात क्षारसूत्राने जखम भरायला आठ आठवडे लागले आणि शस्त्रक्रियेनंतर चार. परंतु वर्षभरात भगंदर पुन्हा होण्याचे प्रमाण क्षारसूत्रात चार टक्के आणि शस्त्रक्रियेत अकरा टक्के होते. उपचार सावकाश, पण टिकाऊ, असा त्याचा अर्थ मी घेते.

पोटात घेण्याच्या वापराविषयी वैद्यांचा सूर एकदम बदलला. चरकसंहितेच्या कल्पस्थानात या झाडावर स्वतंत्र अध्याय आहे आणि त्यात सर्व रेचकांमध्ये हे सर्वांत तीक्ष्ण सांगितले आहे. नाजूक कोठ्याच्या माणसाला ते देऊ नये अशी ताकीदही तेथेच आहे. "ग्रंथ ज्याला भितो त्याला आपण भ्यायलाच पाहिजे," असे ते म्हणाले. गावांत आम्ही ऐकलेले घरगुती उपयोग त्यांना वाचून दाखवले : पान शेकून पिळलेला कोमट रस कानदुखीवर, चीक चामखिळीवर किंवा पायात मोडलेल्या काट्यावर, आणि ओढ्याच्या डोहात कुटलेल्या फांद्या टाकून मासे गुंगवणे. हे सगळे उपयोग त्यांना ठाऊक होते. चामखिळीवर चीक लावताना भोवतालची कातडी भाजते, मुलांच्या बाबतीत तर कोणीही हा प्रयोग करू नये, असे त्यांनी बजावले.

चीक कोणत्या झाडाचा घेता, हे विचारल्यावर त्यांनी खिडकीतून परसातले झाड दाखवले. पाच ओळी, उंचवटे, उंचवट्यावर काट्यांची जोडी. पूर्वी एकदा बाहेरून आणवलेल्या फांद्या गोल निघाल्या, तेव्हा दोऱ्यावर चीक नीट धरला नाही, म्हणून त्यांनी स्वतः झाड लावले.

३१ मार्च २०२४, रविवार

फाल्गुन सरत आला. चरकाने दोन किंवा तीन वर्षांच्या झाडाचा चीक शिशिराच्या अखेरीस शस्त्राने छेद घेऊन गोळा करावा असे सांगितले आहे, म्हणून आजचा दिवस मुद्दाम राखून ठेवला होता. त्याच ठिकाणी अल्पकंटक आणि बहुकंटक असे दोन प्रकार सांगून पुष्कळ तीक्ष्ण काट्यांचा तो श्रेष्ठ मानला आहे. आमच्या वईतल्या दोन जातींना हे शब्द सरळ चिकटवण्याचा मोह मला झाला होता, पण दहा-दहा फांद्यांवरचे काटे मोजल्यावर एकाच जातीच्या दोन झाडांत जेवढा फरक आढळला तेवढा दोन जातींतही आढळला नाही. ओळख पटवायची तर काट्यांच्या संख्येपेक्षा फांदीचे उंचवटे पाहावेत, असे माझे मत झाले आहे.

पहाटे साडेपाचला पोहोचलो. सूर्य वर येण्याआधी घेतलेल्या छेदातून चीक धार धरून वाहिला. नऊ वाजता त्याच फांदीवर घेतलेल्या छेदातून थेंबाथेंबाने आला आणि तेथेच गोठला. दोन्ही जातींचा चीक वेगळ्या बाटल्यांत भरून त्यांवर झाडाचा क्रमांक, वेळ आणि फांदीचा प्रकार लिहिला.

बांधाच्या पलीकडच्या शेतात जेसीबी लागला होता. तेथली थोराची वई उपटून तारेचे कुंपण होणार आहे, झटका मशीनसह. आम्ही त्या शेतकऱ्यांना विचारून उपटलेल्या ढिगातून पाच ओळींच्या फांद्या वेगळ्या काढल्या, एकूण तेवीस. अप्पांनी गोठ्याच्या सावलीत त्या पसरायला जागा करून दिली आणि दहा दिवसांनी विहिरीकडच्या बांधावर लावू म्हणाले. फांद्या वेगळ्या काढताना त्यांनी स्वतः प्रत्येक फांदीवर अंगठा फिरवून उंचवटे चाचपले आणि गोल निघालेल्या तीन बाजूला ठेवल्या.